तोफेपाशी उभा राहिलेला उल्हास

आमचे घराणे शिंदे दरबारच्या चाकरीतले. १८५८ च्या जूनमध्ये जयाजीराव आग्र्याला निघून गेले, आणि त्याच महिन्यात झाशीची राणी येथे ग्वाल्हेरीस लढता लढता पडली. लष्करातील आमच्या वाड्यात हे दोन विषय एका दमात कोणी काढीत नसे.

सोहराब मोदींचा १९५३ चा ‘झाँसी की रानी’ मी लहानपणी आजोबांबरोबर पाहिला. टेक्निकलरचे रंग, अफाट खर्च, आणि चित्रपट धंद्यात बुडाला! राणी मेहताब, राजगुरू स्वतः मोदी. माझ्या मनात मात्र ठसला तो गोलंदाज गुलाम गौसखान झालेला उल्हास. नाव मराठी वाटते खरे. पण ते पडद्यापुरते. अशा दुय्यम भूमिकांतच त्याची बरीच हयात गेली. आज त्याचे नाव काढणाराही विरळाच.

परतताना टांग्यात आजोबा गप्प होते. दिंडीपाशी उतरल्यावर म्हणाले, “तो तोफ सोडून हलला नाही, बघितलेस ना? माझे आजोबा तेव्हा आग्र्याच्या वाटेवर होते.”

पुढच्या जूनपासून ते मला फूलबागेजवळच्या समाधीवर नेऊ लागले.