मुखवटा, आंतरजाल आणि कर्तेपण : ‘मार्शमेलो’ या संगीतकाराच्या वाटचालीचा अभ्यास

प्रस्तावना :

एकविसाव्या शतकात आंतरजालाने संगीताच्या प्रसाराची पद्धत बदलली, हे सर्वमान्य आहे. परंतु या बदलाचा कलावंताच्या ओळखीवर काय परिणाम झाला, याची चर्चा त्या मानाने कमी झाली आहे. ध्वनिमुद्रिकेच्या काळात गायकाचे नाव व चेहरा या त्याच्या कलेशी अभिन्न गोष्टी मानल्या जात. चेहरा पूर्णपणे झाकूनही जगभर कीर्ती मिळवता येते काय आणि मिळाल्यास ती कीर्ती नेमकी कोणाची, हे प्रश्न अमेरिकेतील ‘मार्शमेलो’ या इलेक्ट्रॉनिक नृत्यसंगीताच्या रचनाकाराने उभे केले आहेत. प्रस्तुत लेखात त्याच्या वाटचालीच्या आधारे या प्रश्नांचा विचार केला आहे.

पूर्वपरंपरा :

वेश धारण करून संगीत सादर करण्याची प्रथा मार्शमेलोने सुरू केलेली नाही. ‘डाफ्ट पंक’ हे फ्रेंच युगल २००१ पासून २०२१ मधील विसर्जनापर्यंत यंत्रमानवाच्या शिरस्त्राणांआडून लोकांसमोर येत राहिले. कॅनडाचा ‘डेडमाउस’ उंदराचे मोठे मस्तक घालून कार्यक्रम करतो. ते मस्तक व्यापारचिन्ह म्हणून नोंदविण्यास डिस्ने कंपनीने २०१४ मध्ये हरकत घेतली आणि पुढील वर्षी तो वाद तडजोडीने मिटला. वेश ही केवळ रंगमंचीय सजावट नसून ती मालमत्ता आहे, हे त्यावरून स्पष्ट झाले. मात्र या कलावंतांची खरी नावे रसिकांना माहीत होती. वेश होता, पण वेशामागील माणूस अज्ञात नव्हता. मार्शमेलोचे वेगळेपण येथे सुरू होते.

उदय :

२०१५ मध्ये ‘साउंडक्लाउड’ या संकेतस्थळावर मार्शमेलो या नावाने काही ध्वनिरचना प्रसिद्ध होऊ लागल्या. या संकेतस्थळावर प्रकाशकाच्या मध्यस्थीशिवाय रचना ठेवता येते आणि आवडलेली दुसऱ्याची रचना आपल्या श्रोत्यांपर्यंत पोहोचविता येते. त्यामुळे एखाद्या प्रस्थापित कलावंताची पसंतीही नवागताला मोठा श्रोतृवर्ग मिळवून देऊ शकते. जानेवारी २०१६ मध्ये ‘जॉयटाइम’ हा त्याचा पहिला संग्रह आला. त्याच वर्षीच्या ‘अलोन’ या रचनेची चित्रफीत यूट्यूबवर दोनशे कोटींहून अधिक वेळा पाहिली गेली आहे.

या यशात वेशाचा वाटा कोणता? पांढरे कपडे आणि पांढरे दंडगोलाकार शिरस्त्राण, त्यावर डोळ्यांच्या जागी दोन फुल्या व खाली हसरी रेघ, एवढाच हा वेश आहे. मार्शमेलो या मऊ पांढऱ्या मिठाईवरून नाव घेतले आणि त्या मिठाईलाच चेहरा दिला. आंतरजालावर रचनेसोबत दिसणारे चित्र नखाएवढे असते. त्या आकारात माणसाचा चेहरा ओळखू येणे कठीण. दोन फुल्या व एक रेघ मात्र क्षणात ओळखू येते. शिवाय ही आकृती लहान मूलही काढू शकते. हा वेश रंगमंचासाठी जितका उपयुक्त आहे, तितकाच पडद्यासाठीही आहे.

व्यक्तीकडून पात्राकडे :

चेहऱ्याची जागा मुखवट्याने घेतली की कीर्ती व्यक्तीकडून पात्राकडे सरकते. जून २०१६ मध्ये लास वेगास येथील ‘इलेक्ट्रिक डेझी कार्निव्हल’ या महोत्सवात मार्शमेलोने शिरस्त्राण काढले आणि आतून निघाला टिएस्टो हा प्रसिद्ध डच डीजे. तो थट्टेचा प्रकार होता, पण त्यातून एक गंभीर गोष्ट सिद्ध झाली : त्या शिरस्त्राणात कोणीही उभे राहू शकतो आणि प्रेक्षक त्याला मार्शमेलो म्हणूनच स्वीकारतो.

पात्राला देहाचे बंधन नसते. २ फेब्रुवारी २०१९ रोजी ‘फोर्टनाइट’ या संगणकीय खेळात मार्शमेलोचा सुमारे दहा मिनिटांचा कार्यक्रम झाला. तेवढ्या वेळापुरती खेळातील शस्त्रे बंद ठेवण्यात आली आणि एक कोटी सात लाखांहून अधिक खेळाडू एकाच वेळी तेथे उपस्थित होते. चेहऱ्याच्या कलावंताची संगणकीय प्रतिमा नेहमी नक्कल वाटते. मुखवट्याची प्रतिमा मात्र मूळाइतकीच खरी असते.

भाषा व प्रांत यांच्या सीमाही पात्राला अडवत नाहीत. ‘बॅस्टिल’ या ब्रिटिश वाद्यवृंदासोबतची ‘हॅपियर’ (२०१८) ही रचना बिलबोर्डच्या प्रमुख यादीत दुसऱ्या स्थानापर्यंत पोहोचली. फेब्रुवारी २०१९ मध्ये संगीतकार प्रीतम व गायिका शर्ली सेतिया यांच्यासह ‘बिबा’ हे हिंदी-पंजाबी वळणाचे गीत आले आणि त्याच महिन्यात पुण्यातील ‘व्हीएच-वन सुपरसॉनिक’ महोत्सवात मार्शमेलोने कार्यक्रम केला. पुढे २०२४ मध्ये केन ब्राउन या गायकासोबत त्याने अमेरिकन ग्रामीण धाटणीचे गीतही केले. ज्याला वंश, वय व मातृभाषा दिसत नाही, त्याला कोठेही परके ठरविणे अवघड जाते.

जे लपविता आले नाही :

‘सगळी सोंगे आणता येतात, पैशाचे सोंग आणता येत नाही’ ही आपल्याकडील म्हण येथे वेगळ्याच अर्थाने लागू पडते. नोव्हेंबर २०१७ मध्ये ‘फोर्ब्स’ या नियतकालिकाने मार्शमेलो म्हणजे ख्रिस्तोफर कॉमस्टॉक हा पूर्वी ‘डॉटकॉम’ या नावाने संगीत करणारा तरुण असल्याचे प्रसिद्ध केले. या निष्कर्षाला आधार होता तो गीतांच्या स्वामित्वधनाच्या नोंदींचा. रंगमंचावर पात्र पुरेसे असते. परंतु गीत वाजल्यावर मिळणारे धन स्वीकारण्यासाठी कायद्याला मान्य असलेली व्यक्ती लागते. याच नियतकालिकाच्या २०१९ च्या अंदाजानुसार मार्शमेलोचे वार्षिक उत्पन्न चार कोटी डॉलर होते. एवढ्या अर्थव्यवहारात निनावीपणा पूर्णपणे टिकणे शक्यच नव्हते. लक्षणीय बाब अशी की, नाव उघड झाल्यानंतर लोकप्रियता घटली नाही, उलट वाढली. ‘हॅपियर’ आणि ‘फोर्टनाइट’ ही दोन्ही यशे त्यानंतरची आहेत. म्हणजे रसिकांचे आकर्षण ‘आत कोण आहे’ या कुतूहलावर आधारलेले नव्हते, ते पात्रावरच होते.

कायदेशीर परिमाण :

भारतीय कॉपीराइट कायदा, १९५७ या प्रश्नाकडे कसा पाहतो, हे उद्बोधक आहे. कलम २३ नुसार निनावी वा टोपणनावाने प्रसिद्ध झालेल्या संगीतकृतीचे संरक्षण प्रसिद्धीनंतर साठ वर्षे राहते. त्या मुदतीत कर्त्याची ओळख उघड झाली, तर मात्र ते कर्त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षांपर्यंत वाढते. म्हणजे मुखवटा उतरविणाऱ्यास कायदा अधिक दीर्घ संरक्षण देतो. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ३८ ब सादरकर्त्याला आपल्या सादरीकरणाचा कर्ता म्हणून ओळखले जाण्याचा हक्क देते. कायद्याच्या दृष्टीने कर्तेपण माणसाचे आहे. बाजाराच्या दृष्टीने ते पात्राचे आहे. व्यापारचिन्ह नूतनीकरणाने पुढे चालू राहू शकते, माणूस राहू शकत नाही.

समारोप :

वरील विवेचनावरून असे दिसते की, मार्शमेलोचा वेश हा विनय नव्हे आणि निव्वळ चमत्कृतीही नव्हे. आंतरजालाच्या छोट्या चौकटीत ओळख टिकविण्याचा तो एक कार्यक्षम उपाय आहे. त्यामुळे कलावंताला खाजगी आयुष्य जपता येते, हा त्याचा लाभ होय. परंतु ज्या पात्राला चेहरा नाही, त्याचा कलावंत बदलता येतो, हा त्यातील धोकाही तितकाच खरा आहे. ज्याच्याकडे पात्राची मालकी आहे तोच संगीत रचतो, तोपर्यंत हा धोका जाणवत नाही. मालकी एकाकडे आणि निर्मिती दुसऱ्याकडे अशी विभागणी झाली, तर मात्र शिरस्त्राणाआड राबणाऱ्या कलावंताला स्वतःचे नाव सांगण्याचा हक्क हाच एकमेव आधार उरेल. संगीत, वाणिज्य व विधी या तिन्ही शाखांच्या अध्यापकांनी हा विषय एकत्रितपणे विद्यार्थ्यांसमोर मांडणे म्हणूनच अगत्याचे आहे.