काचपट्टी गावात, तज्ज्ञ मुंबईत

गाठ कर्करोगाची आहे की साधी, हे सूक्ष्मदर्शकाखाली पेशी पाहणारा विकृतिशास्त्रज्ञच सांगू शकतो. नंदुरबार जिल्ह्यातील खापरसारख्या गावात असा तज्ज्ञ सहसा नसतो.

या अंतरावरील उपायाचे मूळ वैद्यकाबाहेर आहे. अमेरिकेत १९५७ मध्ये रसेल किर्श यांनी आपल्या तान्ह्या मुलाचे छायाचित्र संगणकात उतरवले. ते अवघे १७६ बाय १७६ बिंदूंचे होते. १९८६ मध्ये रोनाल्ड वाइनस्टीन यांनी ‘टेलिपॅथॉलॉजी’ हा शब्द दिला. महाराष्ट्रात मुंबईचे टाटा स्मारक केंद्र आणि बार्शीचे नर्गिस दत्त स्मारक रुग्णालय यांनी ही वाट चोखाळली. पहिल्या १०० प्रकरणांचा त्यांचा आढावा २००४ मध्ये प्रसिद्ध झाला.

त्या पद्धतीत एक मेख होती. काचपट्टीच्या निवडक भागांचीच स्थिर चित्रे मुंबईला जात. रोगट पेशी नेमक्या चौकटीबाहेर राहिल्या, तर तज्ज्ञाला त्या दिसणार कशा? अर्धे निदान जणू चित्र टिपणाऱ्याच्याच हाती! संपूर्ण काचपट्टी टिपणाऱ्या स्कॅनरने ही अडचण बरीच दूर केली. प्राथमिक निदानासाठी अशा यंत्रणेला अमेरिकेत २०१७ मध्ये परवानगी मिळाली. गाठीचा तुकडा पातळ कापून, रंगवून काचेवर घेणारा कुशल तंत्रज्ञ मात्र खापरच्या जवळपासच असावा लागतो.