शिळ्या भाकरीचे कुटके आणि मेथीचा घोळाणा

भाकरी उरली की आपण काय करतो? दुधात कुस्करतो. फोडणी देऊन खातो. नाहीतर गुरापुढे टाकतो. त्याच भाकरीचा आणखी एक चांगला उपयोग आज सांगायचा आहे. पण त्याआधी घरातली एक गोष्ट सांगतो.

१९७२ सालचा दुष्काळ आम्ही लहानपणी पाहिला. परदेशातून आलेली लाल मिलो ज्वारी तेव्हा रेशनवर मिळे. तिची भाकरी घशाखाली उतरत नसे. शिळी झाली की तर लाकूडच. आई सगळ्यांना वाढून मग जेवायला बसायची. तिच्या ताटात कालची भाकरी असायची. आम्ही विचारलं, "आई, तू ताजी का घेत नाहीस?" ती म्हणाली, "मला शिळीच गोड लागते रे." आम्हांला ते खरं वाटलं. पुढे आमचा स्वतःचा संसार झाला, तेव्हा कळलं की ते खरं नव्हतं.

लातूर-नांदेडकडे आजही कितीतरी घरांत शिळी भाकरी बाईच्याच वाट्याला येते. भाजी संपलेली असते. मग चटणी आणि भाकरी, झालं जेवण. अशानं अंगात रक्त कसं राहणार? २०१९ ते २०२१ या काळात सरकारने देशभर घरोघरी पाहणी केली. तीत महाराष्ट्रातल्या निम्म्याहून जास्त बायकांच्या अंगात रक्त कमी आढळलं.

शिळी भाकरी वाईट नाही. ती एकटीनं, कोरडी खाणं वाईट.

आता थोडं दूर जाऊ. युरोपात इटली नावाचा देश आहे. त्यात तस्कनी नावाचा भाग आहे. तिथले शेतकरी गव्हाचा पाव खातात. पूर्वी भट्टी रोज पेटत नसे. बऱ्याच दिवसांचा पाव एकदाच भाजून ठेवत. तो वाळून कडक होई. पण कष्टाचं अन्न टाकायचं कसं? ते लोक पाव पाण्यात भिजवून पिळून घेत. त्यात कांदा, काकडी, तेल आणि आंबट शिरका घालत. टोमॅटो अमेरिका खंडातून युरोपात गेला, मग तोही त्यात पडू लागला. या कोशिंबिरीला तिकडे पांझानेला म्हणतात. काही जण पाव भिजवत नाहीत. त्याचे तुकडे तेलावर कुरकुरीत भाजून घालतात. गरिबाच्या घरचा हा पदार्थ आज मोठ्या हॉटेलांतही मिळतो.

हा देश आपल्याला अगदीच परका नाही. दुसऱ्या महायुद्धात आपल्या मराठा पलटणी तिथे लढल्या. नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ रोजी इटलीतच धारातीर्थी पडले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला.

त्या कोशिंबिरीची बहीण आपल्याकडे आहेच. ती म्हणजे घोळाणा. कच्ची मेथी, कांदा, शेंगदाण्याचं कूट आणि तेल. त्यात भाकरीचे कुरकुरीत कुटके घातले की झालं.

पाच माणसांना लागणारं सामान असं :
शिळ्या ज्वारीच्या भाकरी २, कोवळी मेथी १ जुडी, कांदे २, टोमॅटो २, वाळूक किंवा काकडी १, शेंगदाण्याचं कूट अर्धी वाटी, लसूण ५ पाकळ्या, लिंबू १, करडईचं किंवा शेंगदाण्याचं तेल ३ चमचे, तिखट आणि मीठ.

आधी कुटके करू. भाकरी काल रात्रीची असावी. ताज्या भाकरीत ओल जास्त असते, तिचे तुकडे लवकर कडक होत नाहीत. बुरशी धरलेली किंवा तार सुटलेली भाकरी मात्र घेऊ नका. वरची बुरशी खरवडून काढली, तरी आत ती राहतेच.

भाकरीचे बोटाच्या पेराएवढे तुकडे करा. दोन चमचे तेलात ठेचलेला लसूण, थोडं तिखट आणि चिमूटभर मीठ कालवा. ते तुकड्यांना चोळा. तवा मंद आरावर ठेवा आणि तुकडे सारखे परता. जाळ मोठा केला तर वरून करपतात आणि आत मऊ राहतात. दहा-बारा मिनिटांनी कुटके तव्यावर खडखड वाजू लागतात. मग उतरवा आणि ताटात पसरा. गरम असताना झाकू नका. झाकले तर वाफ धरते आणि ते मऊ पडतात. निवाल्यावर डब्यात घट्ट बंद करा.

आता घोळाणा. मेथी निवडून स्वच्छ पाण्यात दोन-तीनदा धुवा. कच्चं खायचं असल्यानं यात आळस नको. फवारणी केलेल्या रानातली भाजी लगेच खुडू नका. वाळकाची फोड आधी चाखा. कडू लागली तर ते टाका. बुरसट, कडवट शेंगदाणेही कुटात घेऊ नका.

मेथी, कांदा, टोमॅटो आणि वाळूक बारीक चिरा. कूट आणि उरलेलं तेल घाला. मीठ आणि लिंबू अगदी जेवताना घाला. मिठानं काकडी-टोमॅटोला पाणी सुटतं. कुटके सगळ्यांत शेवटी टाका, म्हणजे दाताखाली कुरकुर वाजतील. म्हाताऱ्या माणसांसाठी ते थोडा वेळ रसात मुरू द्या. ती इटलीची रीत झाली.

लिंबू विसरू नका. भाकरीत आणि मेथीत लोह असतं. लोहानं रक्त वाढतं. लिंबाच्या आंबटपणाबरोबर जे सत्त्व पोटात जातं, त्यामुळे लोह अंगी लागतं. जेवणावर लगेच चहा घेतला तर ते नीट अंगी लागत नाही. चहा तासाभरानं घ्या.

आता मुख्य गोष्ट. हा घोळाणा एकाच परातीत कालवा आणि सगळ्यांच्या ताटात एकदम वाढा. शिळी भाकरी सगळ्यांना, ताजी भाकरीही सगळ्यांना. वाढणारीचं ताटही तेव्हाच वाढा.

आमच्या आईला हे कोणी सांगितलं नाही. आम्हांलाही तेव्हा सुचलं नाही. तुम्ही मात्र हा धडा घरी मोठ्यानं वाचा.

सांगा पाहू :
१. कुटके गरम असताना का झाकू नयेत?
२. घोळाण्यात लिंबू का पिळावं?
३. तुमच्या घरी शिळी भाकरी कोणाच्या ताटात जाते?