‘क्वेरुलस’ म्हणजे भांडखोर नव्हे
(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)

अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, अर्धांगवायूचा झटका आला तेव्हा ते ८२ वर्षांचे होते. इस्पितळात त्यांच्या केसपेपरवर डॉक्टरांनी एक शब्द लिहिला होता, ‘क्वेरुलस’. ‘क्वारल’ म्हणजे भांडण हे मला ठाऊक, तेव्हा याचा अर्थ भांडखोर, असं मी ठरवून टाकलं आणि त्यांना ऐकवलंही, “अण्णा, नर्सबाईंशी भांडू नका.” ते म्हणाले, “भांडलो कुठे? पाणी मागितलं.” पुढे दोन दिवस त्यांनी काही मागितलंच नाही.

मग शब्दकोश उघडला. क्वेरुलस म्हणजे केविलवाण्या सुरात सारखा कुरकुरणारा. पिरपिऱ्या म्हणा हवं तर. लॅटिनमध्ये ‘क्वेरी’ म्हणजे गाऱ्हाणं करणं. त्यावरून विशेषण ‘क्वेरुलुस’. लॅटिन कवी पक्ष्यांच्या आर्त आवाजालाही तो शब्द लावत. (आपण कचेरीत ‘क्वेरी’ काढतो ती वेगळी, ती विचारणं या अर्थाच्या धातूवरून आली.) होरेस या रोमन कवीने सुमारे २००० वर्षांपूर्वी माणसाच्या वयांची वर्णनं केली, त्यात हे विशेषण नेमकं म्हाताऱ्याच्या वाट्याला आलं आहे! इंग्रजीत हा शब्द साधारण इ.स. १५०० च्या सुमारास आला.

गंमत अशी की ‘क्वारल’ही त्याच घरातला. चौदाव्या शतकातल्या इंग्रजीत त्याचा अर्थ फिर्याद किंवा फिर्यादीचं कारण असा होता. भांडण हा अर्थ मागाहून चिकटला. म्हणजे मी नातं बरोबर ओळखलं, माणूस चुकीचा ओळखला.

आपल्याकडेही असंच झालं आहे. ‘तक्रार’ हा मूळचा अरबी शब्द, अर्थ पुन्हा पुन्हा करणं किंवा म्हणणं. मराठीत त्याचं गाऱ्हाणं झालं, हिंदी-उर्दूत ‘तकरार’ म्हणजे चक्क भांडण. ‘फिर्याद’ फारसी, तिचा मूळ अर्थ मदतीसाठी मारलेली हाक. आपली ‘कुरकुर’ मात्र नुसती आवाजावरून आलेली; ‘क्वेरी’शी तिचा संबंध जोडण्याचा मोह मी आवरला.

तिसऱ्या दिवशी अण्णांना विचारलं, “पाणी सारखं का मागत होता?” त्यांनी मान वळवून दाखवलं. पाण्याचा तांब्या उजवीकडच्या स्टुलावर होता आणि त्यांचा उजवा हात उचलत नव्हता. मी स्टूल डावीकडे आणलं.