दगडाचा नाद आणि टाकीचा हात

आमच्या महाविद्यालयाची सहल वेरूळला गेली होती. दहाव्या लेण्यात शिरल्यावर तिथल्या माहीतगाराने मुलांना गप्प केले आणि त्रिशरणाचा पहिला स्वर लावला. तो थांबला तरी स्वर थांबला नाही. छताखाली तो फिरत राहिला, जणू दगडातली माणसेच त्याला साथ देत होती. परतीच्या गाडीत बी. ए. दुसऱ्या वर्षाचा एक मुलगा माझ्याजवळ येऊन बसला. "सर, त्या दगडात काही घातलंय का?" मागून कोणीतरी म्हणाले, "मंत्राची शक्ती आहे ती." रेणापूर येईपर्यंत हा वाद चालला. मला तेव्हा नीट उत्तर देता आले नाही.

दगड आवाजाला उत्तर देतो हे खरे आहे. प्रश्न एवढाच, की हे उत्तर कोणाचे?

वेरूळचे दहावे लेणे हे तिथले एकमेव चैत्यगृह. काळ साधारण सातवे शतक, लांबी सुमारे 26 मीटर, उंची 10 मीटरच्या आसपास. स्तूपासमोर पाय खाली सोडून बसलेले बुद्ध आहेत. वर कमानदार छत आणि त्यावर दगडातच कोरलेल्या फासळ्या. घट्ट काळा दगड आवाज फारसा पीत नाही, जवळजवळ सगळा परत फेकतो. आवाज सेकंदाला सुमारे 340 मीटर जातो. छतापर्यंत जाऊन परत यायला त्याला सेकंदाचा दहावा भागही लागत नाही, म्हणून कानाला वेगळा प्रतिध्वनी कळत नाही. छत, खांब, भिंती यांच्यावरून आलेले असे अनेक आवाज एकमेकांत मिसळतात आणि त्याचेच गुंजन होते. तिथे शिवी दिली असती तरी दगडाने ती याच इमानाने घोळवली असती.

मग फासळ्या नादासाठी कोरल्या का? तसे म्हणायला आधार नाही. त्या लाकडी छपराची नक्कल आहेत. कार्ल्याच्या जुन्या चैत्यगृहात लाकडाच्या कमानी आजही छताखाली आहेत. वेरूळला येईपर्यंत त्या दगडात उतरल्या. या लेण्याला लोक 'सुतार की झोपडी' म्हणतात, तेव्हा ते कारागिराचीच आठवण काढत असतात. पंडितांनी मात्र त्याला विश्वकर्म्याचे नाव देऊन टाकले. माणसाचे काम देवाच्या खात्यावर गेले की मजुरीचा हिशेब विचारणारा कोणी उरत नाही! कार्ल्याला निदान एक नोंद राहिली आहे. धेनुकाकटच्या सामी नावाच्या सुताराने दाराचे काम केले, असा लेख तिथे आहे. वेरूळच्या फासळ्या कोरणाऱ्यांची नावे आपल्यापर्यंत पोचलेली नाहीत.

दुसरा प्रकार ठोकल्यावर वाजणाऱ्या दगडाचा. हंपीच्या विठ्ठल मंदिरातले 'सारेगम खांब' आपल्याकडची सहलीची मुले पाहून येतात. एकाच शिळेतून मोठा खांब आणि त्याच्याभोवती बारीक खांब सोडवलेले आहेत. इंग्रजांनी दोन खांब कापून पाहिले, अशी कथा गाइड सांगतात. कल्पाक्कमच्या अणुसंशोधन केंद्रातल्या शास्त्रज्ञांनी काही न कापता तपासणी केली. खांब भरीव निघाले. बारीक खांब ठोकल्यावर किंचित लवून कंप पावतो आणि त्या लवण्यातूनच सूर निघतो. जाडी-लांबी बदलली की सूर बदलतो. आता या खांबांना हात लावू देत नाहीत आणि ते योग्यच आहे. पण ज्याने पहिल्यांदा ठोकून सूर जुळवला, तो पुजारी नव्हता. त्याच्या हातात टाकी होती.

याच्याही मागे जाता येते. बळ्ळारीजवळ कुपगलची टेकडी आहे. तिथल्या काळ्या शिळांवर नवाश्मयुगातल्या माणसांनी लांब शिंगांची गुरे कोरली आहेत. त्यातल्या काही शिळांवर घासून झालेल्या खोलगट जागा आहेत, तिथे गोट्याने मारले की घंटेसारखा नाद येतो. फॉसेट यांनी 1892 साली या टेकडीविषयी लिहिले. पुढे निकोल बॉइव्हिन यांनी पुन्हा अभ्यास करून 2004 साली चित्र आणि नाद यांचा संबंध मांडला. तिथे देऊळ नाही, पोथी नाही. गुराख्यांनी दगड ऐकला आणि त्याच दगडावर आपली गुरे काढली. अलीकडे खडीसाठी आणि दगडासाठी चाललेल्या खाणकामाने या टेकडीचे नुकसान झाले. तिथे घण मारणाराही दगड ओळखणाराच, फक्त पोटासाठी तो रोजावर आहे.

प्रत्येक दगड असा वाजत नाही. आमच्या जिल्ह्यातली खरोसा लेणी जांभ्या दगडात आहेत. जांभा सच्छिद्र, ठोकला तर बद आवाज येतो. काळा दगडही चारी बाजूंनी मातीत रुतलेला असेल तर मुकाच. तो थोड्याच ठिकाणी टेकलेला हवा आणि अंगात चीर नको. चीर असली की कंप तिथेच मरतो.

हे मला पुस्तकात नंतर सापडले. आधी ऐकले ते घरापुढे. मी लहान असताना आमच्या वस्तीत जात्याला टाकी लावणारी वडार बाई यायची. आईने एकदा बाजारातून जुने जाते आणले होते. त्या बाईने वरची तळी उचलली, एका बारक्या खड्यावर टेकवली आणि हातोडीच्या दांड्याने दोन ठिकाणी वाजवून पाहिली. एकीकडे खणखणीत, दुसरीकडे बद.

"अक्का, पिचलीय ही. टाकी लावली तर दुभंगंल."

आईला काही दिसत नव्हते, मलाही नाही. आईने टाकी लावूनच घेतली. पावसाळा संपायच्या आत तळीचे दोन तुकडे झाले.

ती बाई शाळेत गेलेली नव्हती. वडार समाज आज महाराष्ट्रात विमुक्त जातींच्या यादीत आहे. पुढच्या सहलीला दहाव्या लेण्यात मी त्या मुलाला आधी हिचीच गोष्ट सांगणार आहे, आणि मग गप्प राहून दगड ऐकायला सांगणार आहे.