बर्फाला छप्पर हवं

मिलानच्या हिवाळी ऑलिंपिकआधी आइस हॉकीच्या संघांइतकीच चर्चा झाली ती ९६ सेंटिमीटरची. सांताजुलिया भागात उभ्या राहिलेल्या नव्याकोऱ्या बंदिस्त स्टेडियममधली रिंक ६० मीटर लांब. उत्तर अमेरिकेतल्या एनएचएल या व्यावसायिक हॉकी लीगची रिंक २०० फूट, म्हणजे ६०.९६ मीटर. एनएचएलचे खेळाडू २०१४ नंतर पहिल्यांदाच ऑलिंपिकमध्ये उतरणार होते, बांधकाम आधीच रखडलेलं होतं आणि त्यात रिंक दोन हात आखूड निघाली. व्हायचा तो गदारोळ झाला.

पण हा २०० फुटांचा आकडा आला कुठून? माग काढत गेलं की मॉन्ट्रियलची एक इमारत लागते. तिथल्या व्हिक्टोरिया स्केटिंग रिंकमध्ये ३ मार्च १८७५ रोजी जेम्स क्रायटन यांच्या पुढाकाराने बंदिस्त जागेतला पहिला जाहीर आइस हॉकी सामना झाला. दोन्हीकडून नऊ-नऊ खेळाडू उतरले. बर्फाच्या कडेला प्रेक्षक उभे, चेंडू उसळून कुणाला लागायला नको, म्हणून लाकडाची चपटी चकती वापरली गेली. त्या हॉलमधला बर्फ सुमारे २०४ फूट लांब आणि ८० फूट रुंद होता. एनएचएलचं आजचं माप २०० बाय ८५. म्हणजे या खेळाचं मैदानही छपराखालीच ठरलं आणि चकतीही छपराखालीच आली. आइस हॉकी हा मुळात चार भिंतींतला खेळ आहे, हे एकदा लक्षात आलं की भारतातल्या रिंकांकडे बघण्याची नजरच बदलते. त्याकडे यायचंच आहे.

मॉन्ट्रियलचा बर्फ नैसर्गिक होता, कॅनडाच्या थंडीने गोठलेला. यंत्राने गोठवलेली पहिली रिंक पुढच्याच वर्षी, १८७६ मध्ये, लंडनच्या चेल्सी भागात सुरू झाली. ती उभी करणारे जॉन गॅमजी पेशाने पशुवैद्य. लांबून येणारं मांस गोठवून कसं टिकवता येईल, या खटपटीतून त्यांना हा रस्ता सापडला. तत्त्व तेव्हापासून बदललेलं नाही. जमिनीखाली नळ्यांचं जाळं, नळ्यांतून शून्याच्या खाली गेलेलं पण न गोठणारं द्रावण फिरतं, आणि वर पाण्याचे पातळ थर एकावर एक गोठवत जायचं. वर तयार होणारा बर्फ जेमतेम इंच-दीड इंच जाडीचा असतो. खालचं काँक्रीट करडं दिसतं म्हणून एका थराला पांढरा रंग देतात, त्यावर निळ्या-तांबड्या रेषा आखतात आणि पुन्हा पाणी मारून सगळं गोठवून टाकतात. हॉकीला बर्फ टणक लागतो, उणे चार-पाच अंशांच्या आसपास. फिगर स्केटिंगला तो किंचित मऊ हवा, म्हणजे उडी मारताना पात्याला पकड मिळते. एकाच दिवशी दोन्ही असले की बर्फवाल्याची खरी परीक्षा.

या बर्फवाल्यांत एका माणसाला मोठा मान द्यायला हवा. फ्रँक झॅम्बोनी. कॅलिफोर्नियात, जिथे तळं कधी गोठत नाही अशा ठिकाणी, त्यांचा बर्फाच्या लाद्यांचा कारखाना होता. घरोघरी फ्रिज आले आणि लाद्यांचा धंदा बसला. हाताशी होती ती फक्त गोठवण्याची यंत्रं आणि ती चालवण्याचं ज्ञान. त्यांनी १९४० मध्ये पॅरामाउंट गावात ‘आइसलँड’ नावाची रिंक काढली. सुरुवातीला ती उघडी होती. ऊन आणि कोरडं वारं बर्फ टिकू देईनात, तेव्हा वर छप्पर चढवलं.

अडचण पुढेच होती. दिवसभर शेकडो पात्यांनी खरवडलेला बर्फ पुन्हा गुळगुळीत करायचा तर ट्रॅक्टरमागे खरवडणी जोडायची, तीन-चार माणसांनी फावड्याने चुरा उचलायचा, पाणी मारायचं आणि ते गोठायची वाट बघायची. तासाहून जास्त वेळ रिंक बंद, म्हणजे गल्ला बंद. झॅम्बोनी वर्षानुवर्षं त्या एका तासामागे लागले. १९४९ मध्ये त्यांचं यंत्र चाललं. आज जगभर हे यंत्र त्यांच्याच नावाने ओळखलं जातं. जवळून पाहिलं तर त्याची करामत मागच्या बाजूला दिसते. रुंद पातं बर्फाचा कागदासारखा पापुद्रा काढतं, मळसूत्र तो चुरा ओढून वरच्या टाकीत टाकतं, पाणी चरे धुऊन काढतं आणि शेवटी एक ओलं फडकं गरम पाण्याचा थर पसरत जातं. होय, गरम पाण्याचा. गरम पाण्यात विरघळलेली हवा कमी असते आणि ते वरचा बर्फ किंचित वितळवून त्याच्याशी एकजीव होतं, म्हणून थर घट्ट बसतो. तासाभराचं काम एका माणसाच्या दहा-पंधरा मिनिटांवर आलं.

बर्फाचा दुसरा वैरी म्हणजे दमट हवा. २० मे १९७५ रोजी अमेरिकेतल्या बफेलो शहरात एनएचएलच्या स्टॅन्ली कपच्या अंतिम फेरीचा सामना होता. बाहेर उकाडा आणि सभागृहात वातानुकूलन नाही. बर्फावर इतकं दाट धुकं साचलं की खेळ पुन्हा पुन्हा थांबवून खेळाडूंना गोल गोल फिरून ते पांगवावं लागलं. तेव्हा रिंक बांधायची तर गोठवणाऱ्या यंत्राइतकंच हवेतलं पाणी शोषणारं यंत्रही महत्त्वाचं.

एवढा खर्च एकट्या हॉकीतून निघणं अवघड. म्हणून न्यूयॉर्कचं मॅडिसन स्क्वेअर गार्डन असो की लॉस एंजेलिसचं स्टेडियम, हॉकीचा सामना संपला की काही तासांत तिथे बास्केटबॉलचं कोर्ट तयार असतं. बर्फ काढत नाहीत. त्यावर उष्णता अडवणारे तक्ते अंथरतात आणि वर लाकडी कोर्टाचे तुकडे एकमेकांत बसवतात. प्रेक्षक टाळ्या वाजवत असतात तेव्हा खाली बर्फ तसाच निजलेला असतो. कधी कधी तो दगाही देतो. ३० नोव्हेंबर २०१६ रोजी फिलाडेल्फियात दमट हवेमुळे कोर्टावर पाणी सुटलं आणि सॅक्रामेंटो किंग्ज या बास्केटबॉल संघाचा सामना पुढे ढकलावा लागला. याच किंग्जचा संघ ऑक्टोबर २०१९ मध्ये मुंबईत वरळीच्या एनएससीआय डोममध्ये दोन सामने खेळून गेला. कबड्डीचे सामने पाहिलेल्या त्याच डोममध्ये पुढच्या वर्षी करोनाचे रुग्ण होते. भलं मोठं छप्पर गावात असलं की ते किती कामांना येतं, हे मुंबईकरांना वेगळं सांगायला नको.

मात्र हॉकीचा विचार आधी केला नाही, तर नंतर ठिगळ लावून भागत नाही. ब्रुकलिनचं बार्कलेज सेंटर बास्केटबॉल डोळ्यांसमोर ठेवून बांधलं. २०१५ मध्ये तिथे हॉकीचा संघ आला, तर रिंक मधोमध बसेना. गुणफलक बर्फाच्या मध्यावर न येता एका बाजूला लटकला, कित्येक खुर्च्यांवरून एक गोल दिसेना, बर्फाच्या दर्जावर खेळाडू नाराज. अखेर संघ दुसऱ्या स्टेडियममध्ये गेला. उलट तुरिनमध्ये २००६ च्या हिवाळी ऑलिंपिकसाठी अराता इसोझाकींनी हॉकीचा हॉल उभारला, तिथे २०२१ पासून वर्षाअखेरीची एटीपी टेनिस स्पर्धा रंगते. मिलानचा सांताजुलिया हॉलही संगीताचे कार्यक्रम आणि तिकीटविक्री करणाऱ्या एका जर्मन कंपनीचा. ऑलिंपिकचे दोन आठवडे तिथे बर्फ, पुढे मुख्यतः गाणीबजावणी. हॉकीवाल्यांना हे रुचणार नाही, पण इमारत ओस पडण्यापेक्षा ते शंभर पटींनी बरं.

ओस पडण्याची गोष्ट आपल्याकडे घडलेली आहे. डेहराडूनची हिमाद्री रिंक २०११ च्या दक्षिण आशियाई हिवाळी स्पर्धांसाठी बांधली. पूर्ण मापाची, छपराखालची, यंत्राने गोठणारी. स्पर्धा संपल्या, चालवण्याचा खर्च झेपेना आणि दहा वर्षांहून जास्त काळ ती बंद राहिली. त्या दहा वर्षांत लडाखमध्ये काय चाललं होतं ते पाहिलं की जीव तुटतो. तिथल्या मुली तळ्यांवर आणि उघड्या रिंकांवर जेमतेम दोन महिने खेळत होत्या. फेब्रुवारी सरला की पायाखालचं पाणी होतं. प्रामुख्याने लडाखी खेळाडूंच्या या भारतीय महिला संघाने पहिला आंतरराष्ट्रीय विजय मिळवला तो २०१७ मध्ये, फिलिपिन्सला ४-३ असं हरवून. कुठे? तर बँकॉकमध्ये. आणि २०२५ च्या आशियाई स्पर्धेतलं कांस्यपदक मिळालं अल ऐनमध्ये, अमिरातीच्या वाळवंटात. हिमालयातल्या मुलींना पूर्ण मापाचा चांगला बर्फ भेटला तो उष्ण देशांत, कारण तिथे छप्पर होतं आणि छपराखालची यंत्रं रोज चालू होती.

हिमाद्री २०२५ मध्ये पुन्हा सुरू झाली. ऑगस्टमध्ये, ऐन पावसाळ्यात, तिथे शॉर्ट ट्रॅक स्पीड स्केटिंगची आशियाई स्पर्धाही झाली. रिंक उद्घाटनाच्या दिवशी चालते, हे २०११ मध्येही दिसलं होतं. आता तिच्या अंदाजपत्रकात विजेचं बिल आणि यंत्रांची देखभाल दरवर्षी ठळकपणे मांडली गेली पाहिजे. बर्फावर अंथरायचे तक्ते घ्यायला हवेत, म्हणजे उरलेल्या दिवसांत बॅडमिंटन, कबड्डी, गाण्याचे कार्यक्रम, जे मिळेल ते तिथे करता येईल आणि त्याच्या भाड्यातून खालची यंत्रं फिरत राहतील. आणि मार्च ते नोव्हेंबर हे नऊ महिने, जेव्हा लेहची तळी पाणी होऊन चमकत असतात, तेव्हा डेहराडूनच्या बर्फावरचे सकाळचे काही तास लडाखच्या मुलामुलींच्या नावे लिहून ठेवलेले असावेत, राहण्या-जेवण्याच्या सोयीसकट.