शब्दांवाचून कथा

कथा सांगावयाची म्हणजे शब्द हवेत, असे आपण समजतो. परंतु तान्ह्या मुलास शब्द कळत नसतात. तरीही आईच्या मुद्रेवरून ते तिचा राग व माया ओळखते. मुद्रा आणि हालचाल यांच्या या भाषेतच काही चित्रपट आपली कथा सांगतात.

मुंबईच्या चित्रकर्त्री गीतांजली राव यांचा ‘प्रिंटेड रेनबो’, म्हणजे छापील इंद्रधनुष्य, हा 2006 सालचा चित्रपट असाच आहे. तो अवघा पंधरा मिनिटांचा असून चित्रे काढून तयार केलेला आहे. एकाच आकृतीची अनेक चित्रे काढावयाची व प्रत्येकात तिचे हातपाय किंचित पुढे सरकवावयाचे, अशी ही कला आहे. पडद्यावरून सेकंदास 24 चौकटी सरकतात आणि आपल्या डोळ्यांस सलग हालचाल दिसते. पंधरा मिनिटांत अशा 21,600 चौकटी होतात. एकच चित्र दोन-तीन चौकटींत वापरले, तरी हजारो चित्रे लागतात!

शहरातील एका इमारतीत एक वृद्धा आपल्या मांजरासह राहते. तिची खोली व तिचे दिवस रंगहीन आहेत. मात्र तिच्यापाशी काड्यापेट्यांचा संग्रह आहे. पेटीवरील चित्रात ती शिरते, आणि तेथे रंगांची उधळण होते.

या चित्रपटात संवाद का नाही? तिच्याशी बोलणारे कोणी नाही, मग संवाद कोठून येणार? ते मौन म्हणजेच तिचे एकटेपण होय.

हंगेरीतील फेरेन्ट्स रोफुस यांनी 1980 साली ‘माशी’ नावाचा लघुपट केला. त्यात सारे दृश्य माशीच्या डोळ्यांनी दिसते आणि तिच्या पंखांची गुणगुण ऐकू येते. माणूस तिला मारावयास धावतो, तेव्हा आपलाही जीव घाबरा होतो. या लघुपटास 1981 साली ऑस्कर पारितोषिक मिळाले. ‘प्रिंटेड रेनबो’नेही फ्रान्समधील कान येथे तीन पारितोषिके मिळविली. मराठी किंवा हंगेरियन येत नसलेल्या माणसासही या कथा कळतात, कारण दुसऱ्याच्या डोळ्यांनी पाहणे ही सर्वांची भाषा आहे.

अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड येथील उंच इमारतींना असंख्य खिडक्या आहेत. त्यांपैकी एखादीत अशी एकटी आजी बसलेली दिसली, तर मात्र नुसते पाहणे पुरेसे नाही. तिच्याशी दोन शब्द अवश्य बोलावेत.